प्रत्यक्ष आणि परोक्ष : डेव्हिड अ‍ॅटनबरो यांच्या निवेदनाची भाषा

दूरचित्रवाणीवरील एखाद्या निवेदकाचे अष्टपैलुत्व सांगावयाचे झाल्यास त्याने किती निरनिराळी कामे केली, याची मोजदाद बहुधा केली जाते. डेव्हिड अ‍ॅटनबरो (जन्म १९२६) यांच्या बाबतीत ती सोपी आहे. १९५२ साली ते बी.बी.सी.त दाखल झाले. १९५४ साली सुरू झालेल्या ‘झू क्वेस्ट’ मालिकेतून प्रेक्षकांना परिचित झाले. १९६५ मध्ये बी.बी.सी.च्या दुसऱ्या वाहिनीचे नियंत्रक झाले, आणि १९६७ साली त्या वाहिनीवर रंगीत प्रक्षेपण सुरू झाले ते त्यांच्याच अमदानीत. पुढे प्रशासन सोडून ते निसर्गपटांकडे परतले व १९७९ साली ‘लाइफ ऑन अर्थ’ ही तेरा भागांची मालिका त्यांनी सादर केली. परंतु भाषेच्या अभ्यासकास या यादीहून निराळी गोष्ट महत्त्वाची वाटावी. या दीर्घ काळात वक्ता आणि वर्ण्यवस्तू यांचे नाते पालटले. मात्र वाक्यरचनेत त्या पालटाची खूण उमटली नाही.

‘लाइफ ऑन अर्थ’मधील रवांडाच्या अरण्यातील गोरिलांचा प्रसंग प्रसिद्धच आहे. अंगठा आणि बोटे समोरासमोर आणून वस्तू धरण्याच्या शक्तीविषयी तेथे बोलावयाचे होते. गोरिला इतके निकट आले की तो विषय बाजूस राहिला. तेथील दबका स्वर ही लकब नव्हे, ती त्या क्षणाची निकड आहे. ‘हा’, ‘येथे’, ‘आता’ या शब्दांचा अर्थ बोलणाऱ्याच्या देहावरून ठरतो, आणि तो देह आपल्या डोळ्यांसमोर असतो. प्रेक्षकाचा विश्वास बसला तो या सान्निध्यावर.

‘द ब्लू प्लॅनेट’ (२००१) आणि ‘प्लॅनेट अर्थ’ (२००६) या मालिकांत अ‍ॅटनबरो हे मुख्यतः एक स्वर आहेत. चित्रण इतरांचे, स्थळे अनेक, आणि वाणी मागाहून जोडलेली. असे काम त्यांस नवे होते असे नाही. ‘वाइल्डलाइफ ऑन वन’साठी ते १९७७ पासून ते करीत होते, आणि त्यात गैरही काही नाही. तथापि स्वर तोच, दबकेपणाही तोच. वक्त्याने स्वतः न पाहिलेल्या भूतकाळासाठी पाणिनीने लिट् लकार निराळा सांगितला. आपल्या मराठीतही ‘वाघाने गाय मारली’ आणि ‘वाघाने गाय मारली म्हणे’ यांत साक्षीदार कोण, हा भेद स्पष्ट होतो. इंग्रजी क्रियापदास असा भेद दाखविण्याची सक्ती नाही. त्यामुळे प्रत्यक्षाने मिळविलेली पत परोक्षाच्या खाती सहज जमा होते.

२०११ सालच्या ‘फ्रोझन प्लॅनेट’वरून झालेला वाद या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. ध्रुवीय अस्वलाच्या नवजात पिलांची बिळातील दृश्ये नेदरलँड्समधील एका प्राणिसंग्रहालयात घेतली होती, हे उघड झाल्यावर टीका झाली. आर्क्टिकमध्ये प्रत्यक्ष बिळात चित्रण करणे अस्वलांस व माणसांस धोक्याचे, हे अ‍ॅटनबरो यांचे समर्थन योग्यच होते. परंतु प्रश्न तो नव्हता. ‘मादी बर्फात बीळ खणते’ हे वाक्य जातीविषयी सत्य आहे. समोरचे चित्र एका विशिष्ट मादीचे आहे, आणि तेही खोटे नाही. खोटा आहे तो दोहोंचा सांधा. साध्या वर्तमानकाळात जातीविषयीचे विधान व व्यक्तीविषयीचे कथन एकाच रूपाने येतात, म्हणूनच तो दिसत नाही. असे निवेदन मराठीत आणू पाहणाऱ्या विद्यार्थ्यास ‘खणते’ लिहावे की ‘खणत आहे’, असा निर्णय वाक्यागणिक करावा लागेल. तो निर्णय म्हणजेच समीक्षेचा आरंभ होय.

हा केवळ व्याकरणाचा काथ्याकूट नव्हे. २०२० सालच्या ‘अ लाइफ ऑन अवर प्लॅनेट’ या चित्रपटास अ‍ॅटनबरो यांनी आपली साक्ष म्हटले आहे. निसर्गाच्या ऱ्हासाविषयी ते दीर्घकाळ गप्प राहिले, हा आक्षेप अर्धाच खरा. २००० सालची ‘स्टेट ऑफ द प्लॅनेट’ ही मालिका त्याच विषयावर होती. मात्र ज्या भव्य मालिकांनी त्यांस जगभर नेले, त्यांच्या चौकटीतून मनुष्य व त्याची नासधूस बहुतांशी वगळलेली होती, हे नाकारता येत नाही. जे चौकटीत आलेच नाही, त्याची साक्ष द्यावयाची कशी? या चित्रपटाने त्यावर काढलेला मार्ग भाषिक दृष्ट्या प्रामाणिक आहे. त्यांच्या आयुष्यातील एकेका वर्षाशेजारी लोकसंख्या, हवेतील कार्बन आणि उरलेले अस्पर्शित अरण्य यांचे आकडे येतात. अरण्याचा आकडा १९३७ साठी ६६ टक्के, तर २०२० साठी ३५ टक्के आहे. आठवण त्यांची, आकडा इतरांनी मोजलेला, आणि दोहोंमधील रेघ स्पष्ट दिसते. चित्रपटाच्या आरंभी तर नव्वदी ओलांडलेले अ‍ॅटनबरो चेर्नोबिलजवळच्या ओस पडलेल्या प्रिप्यात शहरात, एका पडक्या इमारतीत स्वतः उभे असलेले दिसतात.