फिर्यादीच्या मृत्यूनंतर खाजगी फौजदारी फिर्याद : एक चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :
पोलीस तपासावर आधारित खटला शासन चालविते. खाजगी फिर्यादीत मात्र हे ओझे फिर्यादीलाच वाहावे लागते. भिवंडीसारख्या यंत्रमागाच्या शहरात सूत व कापडाचा व्यवहार मोठ्या प्रमाणावर उधारीवर चालतो. त्यामुळे न वटलेल्या धनादेशाची फिर्याद हा येथे नित्याचा विषय आहे. अशी प्रकरणे रेंगाळतात. भिवंडीच्याच न्यायालयात २०१४ मध्ये राहुल गांधी यांच्याविरुद्ध मानहानीची खाजगी फिर्याद दाखल झाली. त्यांनी २०१८ मध्ये आरोप अमान्य केले आणि २०२४ मध्येही मुंबई उच्च न्यायालयापुढे त्यातील कागदपत्रांच्या ग्राह्यतेचाच वाद होता. खटला असा दशकभर चालत असताना फिर्यादीचा मृत्यू झाल्यास फिर्यादीचे काय होते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

न्यायनिर्णयांची भूमिका :
या विषयाचा मूलाधार म्हणजे ‘अश्विन नानुभाई व्यास विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हा सर्वोच्च न्यायालयाचा १९६६ चा निर्णय होय. विवाहाचा आभास निर्माण करून फसवणूक केल्याची फिर्याद मुंबईच्या न्यायालयात दाखल करणारी तरुणी चौकशी चालू असतानाच मृत्यू पावली. तिच्या आईस खटला पुढे चालविण्याची परवानगी मिळाली व ती सर्वोच्च न्यायालयाने कायम केली. ‘व्यथित व्यक्ती’ची अट खटल्याची दखल घेण्यापुरती आहे, एकदा दखल घेतली की ती अट पूर्ण होते, असा या निर्णयाचा आशय आहे. २००४ मधील ‘जिमी जहांगीर मदन’ आणि २००६ मधील ‘बाळासाहेब ठाकरे विरुद्ध व्यंकट’ या निर्णयांनी वारसांचा हा मार्ग मान्य केला. २०१७ च्या ‘चंद देवी डागा’ निर्णयातही तीच भूमिका आहे.

चिकित्सा :
या भूमिकेतील मानवी दृष्टी निर्विवाद आहे; परंतु तिच्यात एक दुवा निसटतो. १९६६ च्या प्रकरणातील चौकशी खटला सत्र न्यायालयाकडे पाठविण्यापूर्वीची होती. त्या प्रकरणात फिर्यादीच्या अनुपस्थितीमुळे आरोपीला दोषमुक्त करण्याची तरतूद नव्हती. समन्स खटल्यात मात्र ती आहे. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम २५६ नुसार फिर्यादी गैरहजर राहिल्यास आरोपी दोषमुक्त होतो आणि पोटकलम (२) मृत्यूमुळे झालेल्या गैरहजेरीसही तोच नियम लावते. धनादेशाची फिर्याद याच वर्गात मोडते. म्हणून जुन्या निर्णयाचा केवळ हवाला पुरेसा ठरत नाही.

हा दुवा कलमाच्या शब्दांतच सापडतो. पोटकलम (२) हा नियम ‘शक्य तेथवर’ लागू करते, आणि मूळ नियमातही सुनावणी तहकूब करण्याचा वा हजेरी माफ करण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यास आहे. मृत्यू हा निष्काळजीपणा नव्हे. त्यामुळे कलम ३०२ खाली परवानगी मागण्याची संधी वारसांना देणे हा या अधिकाराचा स्वाभाविक वापर ठरतो. तरीही ही संधी आज दंडाधिकाऱ्याच्या विवेकावर अवलंबून आहे. शिवाय ‘जिमी जहांगीर मदन’ प्रकरणात कुलमुखत्यारामार्फत केलेला अर्ज टिकला नाही. वारसांनी स्वतः वा वकिलामार्फत यावे, असे ठरले. ज्या व्यावसायिकाचे कुटुंब उत्तर प्रदेशात वा तेलंगणात राहते, त्याच्या विधवेला ही अट किती जड जाईल हे सांगणे नलगे.

१ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ ने दोषमुक्तीपूर्वी फिर्यादीस तीस दिवसांची मुदत दिली आहे. परंतु मृत फिर्यादीस हजर राहण्यासाठी मुदत देणे निरर्थक आहे. ती मुदत वारसांसाठी आहे असे वाचले, तरच तरतुदीस अर्थ प्राप्त होतो. त्यास आधारही आहे. २००९ च्या दुरुस्तीपासून ‘पीडित’ या संज्ञेत कायदेशीर वारसाचा समावेश होतो. आणि २०२५ च्या ‘सेलेस्टियम फायनान्शियल’ निर्णयाने धनादेश प्रकरणातील फिर्यादीस पीडित मानून अपिलाचा हक्क दिला. अपिलाच्या वेळी ज्याला स्थान आहे, त्याला मूळ खटल्यात स्थान नाकारणे विसंगत होय.

येथे आरोपीच्या बाजूचाही विचार आवश्यक आहे. कोणी वारस पुढे येत नसेल तर खटला अनिश्चित काळ टांगता ठेवणे अन्यायाचे ठरेल. म्हणून वारसांना नोटीस व निश्चित मुदत या दोन्ही गोष्टी एकत्रच हव्यात.

समारोप :
सारांश, फिर्यादीच्या मृत्यूने खाजगी फिर्याद आपोआप संपत नाही. पण समन्स खटल्यात ती आपोआप टिकतही नाही. मृत्यूची माहिती मिळताच ज्ञात वारसांना नोटीस देऊन तीस दिवस वाट पाहणे दंडाधिकाऱ्यावर बंधनकारक व्हावे, अशी स्पष्ट तरतूद कलम २७९ मध्ये होणे गरजेचे आहे. तोपर्यंत एखाद्या विणकराच्या घामाच्या पैशाचा दावा त्याच्या मागे टिकेल की नाही, हे कायद्यापेक्षा योगायोगावरच अधिक अवलंबून राहील.