थोबाडीत मारणारा मित्र

आमच्या हॉस्टेलच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपचं नाव 'गोवा २०१७' आहे. गोव्याला आम्ही कधी गेलोच नाही. तरी ग्रुपवर अजून 'दिल चाहता है'ची रील्स येतात: उघडी गाडी, समुद्र, शापोऱ्याच्या किल्ल्यावर बसलेले तिघे. फरहान अख्तरचा हा सिनेमा २००१ साली आला, तेव्हा मी चार वर्षांचा होतो. पाहिला तो इंजिनीअरिंगला, रूममेटच्या लॅपटॉपवर. परवा पुन्हा पाहिला. दोस्तीचा सिनेमा म्हणून आपण तो फॉरवर्ड करतो खरा, पण त्यातले दोन दोस्त बराच वेळ एकमेकांशी बोलतच नाहीत!

सिड वयाने मोठ्या असलेल्या ताराच्या प्रेमात पडतो आणि मित्रांना तसं सांगतो. आकाश त्यावर एक घाणेरडा जोक मारतो. सिड त्याच्या थोबाडीत देतो. आता, आकाशचा जोक काही नवा नाही. तो पहिल्यापासून असाच सगळ्यांची खेचतोय आणि आपण हसतोय. फरक इतकाच की या वेळी सिड मनातलं बोललाय, आणि त्या ग्रुपात मनातलं ऐकून घ्यायची कुणाला सवयच नाही. मग एक सिडनीला जातो, एक कसौलीला. समीर बिचारा मधल्यामध्ये.

इथवर सिनेमा अचूक आहे. माझी तक्रार पुढची. हा अबोला नेमका कसा असतो, हे दाखवायचं सोडून सिनेमा सिडनीतल्या प्रेमकथेत रमतो. आणि समेट व्हायला तारा हॉस्पिटलात मरणाच्या दारात असावी लागते. दोन पुरुषांनी मिठी मारावी म्हणून एका बाईचा जीव घ्यायचा? डिंपल कपाडियाने तारा इतकी समजून केलीय की हे जास्तच खटकतं.

तो लॅपटॉपवाला रूममेट. नोकरी लागल्यावर एकदा सगळे भेटलो होतो, तेव्हा गच्चीवर तो म्हणाला, "झोप लागत नाही रे, गोळ्या सुरू केल्यात." मी म्हटलं, "मलाही दे दोन, उद्या रिलीज आहे." सगळे हसले. तोही हसला. त्याने मला थोबाडीत मारली नाही, त्यामुळे आमचं भांडण झालं नाही. समेट तरी कशाचा करणार? तीन वर्षं आम्ही एकमेकांच्या वाढदिवसाला केकचा इमोजी टाकतोय.

परवा सिनेमा संपल्यावर त्याला लिहिलं, 'झोप लागते का आता?' दोनदा वाचलं, खोडलं, आणि किल्ल्याचं रील पाठवलं. मिनिटाभरात त्याचा हसरा इमोजी आला. रात्रीचे पावणेतीन वाजले होते.