बीटा: लागाशचा शेवटचा सूर्य

आयझॅक असिमॉव्हच्या ‘नाइटफॉल’ या कथेचा विषय निघाला की सगळे अंधाराबद्दल बोलतात. लागाश नावाचा ग्रह, त्याच्या आकाशात सहा सूर्य, त्यामुळे तिथे रात्र ठाऊकच नाही. आणि २०४९ वर्षांतून एकदा ती होते तेव्हा माणसं वेडी होतात. एवढं कथानक ती न वाचलेल्यांनाही तोंडपाठ असतं. माझं लक्ष मात्र दर वाचनात एका सूर्याकडे जातं. त्याचं नाव बीटा. लहानसा, तांबडा, मंद. सहा सूर्यांच्या दरबारात ज्याची कुणी दखलही घेऊ नये असा. अख्ख्या कथेचा भार असिमॉव्हने त्याच्यावर टाकला आहे.

कथेला तोंड फुटतं तेव्हा सर्वांत तेजस्वी सूर्य गॅमा मावळतो आहे. सारो विद्यापीठाचे संचालक ॲटन ७७ त्याच्याकडे बघतात ते शुद्धीत पुन्हा तो दिसायचा नाही या खात्रीने. आता आकाशात उरला एकटा बीटा. लागाश फिरतो अल्फा या सूर्याभोवती, पण त्याची कक्षा गुरुत्वाकर्षणाच्या हिशेबात बसत नाही. बसवायची तर एक न दिसणारा चंद्र मानावा लागतो. तो दिसत नाही, कारण या सूर्यांच्या झगमगाटात त्याचा क्षीण उजेड बुडून जातो. हा चंद्र बरोबर बीटा एकटा असताना त्याच्या आड येतो आणि अर्ध्या दिवसाहून जास्त काळ तिथेच राहतो. तेवढ्यात ग्रह स्वतःभोवती फिरतो, म्हणून त्याचा कुठलाच कोपरा सुटत नाही.

या रचनेतली खुबी बघा. झाकला जाणारा सूर्य गॅमा असता, तर एका बलाढ्य राजाचा पाडाव एवढंच नाट्य हाती लागलं असतं. असिमॉव्ह झाकतो तो सर्वांत दुबळा दिवा. आजवर ज्याची कुणाला पर्वा नव्हती त्याच उजेडावर आता सगळी मदार आहे, आणि मुळातच तो पुरेसा नाही. वेधशाळेतले सगळे प्रसंग या तांबूस प्रकाशात घडतात आणि पानागणिक तो आणखी गढुळतो. पुढे बीटाच्या कडेला नखाएवढा काळा तुकडा दिसतो आणि जाणत्या शास्त्रज्ञांची तारांबळ उडते. तरीही कथेत ग्रहण थोडं आणि वेध फार. खग्रास होतं ते अगदी शेवटच्या पानांत.

मला सर्वांत आवडतो तो पडद्यांचा प्रसंग. वार्ताहर थेरेमन ७६२ सगळ्याची टर उडवायला आलेला. मानसशास्त्रज्ञ शीरिन ५०१ त्याच्याशी वाद घालत बसत नाही. खिडकीचे पडदे ओढून घे म्हणतो. पडदे सरकतात. खुर्चीकडे परतताना थेरेमनची पावलं मध्येच अडखळतात, समोरचा माणूस दिसत नाही म्हणून आवाज खाली येतो. चाचपडत ये, एवढंच शीरिन सांगतो. भर दिवसाची साधी खोली, बोलका, मिजासखोर माणूस, आणि काही क्षणांत त्याची घाबरगुंडी. पडदे उघडून बीटाचा तो मळकट उजेड आत येतो तेव्हा वाचकालाही हायसं वाटतं. भीतीवर भाषण न देता ती अंगावर कशी आणावी, याचा हा वस्तुपाठ आहे.

बाहेर होऊ घातलेल्या अनर्थाचं कारणही इथेच समजतं. उजेडासाठी माणसं हाताला येईल ते पेटवणार. उत्खननात एकाखाली एक सापडलेल्या जुन्या संस्कृती, सगळ्या आगीतच संपलेल्या. शास्त्रज्ञांनी मशाली तयार ठेवल्यात: जाड पाणवेताचा गाभा वाळवून चरबीत भिजवलेला. त्यांचा धुरकट, पिवळा उजेड ही मंडळी कौतुकाने न्याहाळतात. हे वाचताना हसू येतं आणि पोटात कालवतंही.

पण अंधाराची तयारी करणाऱ्यांना ताऱ्यांची कल्पना नव्हती. खगोलज्ञ बीने २५ दबकत एक तर्क मांडतो: खूप दूर, म्हणून न दिसणारे, आणखी डझन-दोन डझन सूर्य असतील तर? ऐकणाऱ्यांना तेवढीही झेप मोठी वाटते. मग बीटाची शेवटची कड विझते आणि आकाशात तीस हजार तारे पेटतात. लागाश एका प्रचंड तारकागुच्छाच्या ऐन मध्यावर आहे. सहा सूर्यांच्या उजेडाने विश्व दाखवलं नव्हतं, झाकलं होतं. वेड लागतं ते नुसत्या अंधाराने नाही. आपण किती क्षुल्लक, हे एका क्षणात कळल्याने लागतं. शीरिनचं सगळं मानसशास्त्र इथे तोकडं पडतं.

ही कथा १९४१च्या सप्टेंबरमध्ये ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’मध्ये छापून आली. लिहिली तेव्हा असिमॉव्ह २१ वर्षांचा होता. हजार वर्षांतून एकदाच तारे दिसले तर माणसं किती भक्तिभावाने बघतील, अशा अर्थाचं इमर्सनचं वाक्य संपादक जॉन कॅम्पबेलने त्याच्यापुढे ठेवलं आणि वर म्हणाला, भक्ती कसली, वेडी होतील. शेवटाजवळचा पृथ्वीचा उल्लेख असलेला परिच्छेद मात्र कॅम्पबेलनेच घुसडला. असिमॉव्हला तो खटकत असे आणि त्याचंच बरोबर होतं. लागाशच्या विश्वात पृथ्वीचं नाव आलं की त्या आकाशाला भोक पडतं.

कथेत उणिवा आहेतच. पात्रं मतं मांडण्यापुरती उभी राहतात, वेधशाळेत एकही बाई दिसत नाही, आणि परग्रहावरचे हे विद्वान बोलतात थेट अमेरिकन कचेरीतल्यासारखे. सहा सूर्यांत ग्रहाची कक्षा टिकणं कठीण, हा आक्षेपही रास्त. सहा ताऱ्यांचं कुटुंब मात्र कपोलकल्पित नाही. पुनर्वसू नक्षत्रातल्या दोन ठळक ताऱ्यांपैकी कॅस्टर साध्या डोळ्यांना एक ठिपका दिसतो, प्रत्यक्षात ते सहा तारे आहेत.

१९९० साली असिमॉव्हने रॉबर्ट सिल्व्हरबर्गबरोबर या कथेची कादंबरी केली. त्यात लागाशचा कलगाश झाला, बीटाचा डोव्हिम झाला आणि ग्रहणानंतरचं सगळं सविस्तर सांगितलं गेलं. कथा जिथे थांबते तिथे सांगण्यासारखं काही उरलेलं नसतं, म्हणून मला कादंबरी पसरट वाटते. वाचायची तर १९४१ची मूळ कथाच वाचा, आणि एका बैठकीत वाचा.