ग्रुपवरची क्विझ नक्की काय मोजते?

फेब्रुवारी उजाडला की डिपार्टमेंटच्या ग्रुपवर मेसेज पडतो: २८ तारखेला विज्ञान दिन आहे, यंदा ऑनलाइन क्विझ ठेवू या. मग लॅबमधले सगळे सर्वात नव्या माणसाकडे बघतात. तुम्ही पीएच.डी.ला प्रवेश घेतलात की पहिल्याच वर्षी हे काम तुमच्या गळ्यात पडणार, हे आत्ताच धरून चाला. पुण्यात कंपनीत लागलेल्या तुमच्या मित्रांचीही यातून सुटका नाही. तिथे ग्रुप व्हॉट्सॲपऐवजी स्लॅक किंवा टीम्सवर असतो, आणि विज्ञान दिनाऐवजी शुक्रवारची संध्याकाळ असते, एवढाच काय तो फरक.

२०२० च्या लॉकडाऊनमध्ये तर या प्रकाराला पूर आला होता. गूगल फॉर्म, दहा-वीस प्रश्न, ठरावीक गुण मिळाले की मेलवर ई-प्रमाणपत्र. सोलापुरातल्या कॉलेजांपासून थेट दिल्लीपर्यंतच्या लिंका ग्रुपवर फिरत होत्या. पूर ओसरला, पण सवय राहिली. आज सेट-नेट आणि पेटची तयारी करणाऱ्या तुमच्यापैकी अनेकांचा दिवस टेलिग्रामच्या क्विझनेच सुरू होतो.

जर्नल क्लबमध्ये आपण एखादा पेपर घेतो आणि तीन प्रश्न विचारतो. यांनी काय मोजलं, कसं मोजलं, आणि काढलेला निष्कर्ष त्यातून निघतो का? या लेखात हेच तीन प्रश्न मी ग्रुपवरच्या क्विझला विचारणार आहे. ‘अहो, साधी गंमत आहे, तिची कसली चिरफाड!’ असं वाटत असेल तर थोडं थांबा. शेवटी आपण पहिला, दुसरा, तिसरा क्रमांक जाहीर करतो, म्हणजे निष्कर्ष काढतोच. आणि निष्कर्ष काढला की पद्धत तपासावी लागते.

गुण ज्ञानाचे की वेगाचे?

कहूट हे नॉर्वेत तयार झालेलं ॲप २०१३ पासून जगभर वापरलं जातं. त्याचा गुणांचा मूळ हिशेब असा आहे: बरोबर उत्तराला जास्तीत जास्त १००० गुण, आणि जितका उशीर तितके कमी. दिलेल्या वेळेच्या अगदी शेवटी बरोबर उत्तर दिलं तर निम्मे, म्हणजे ५००.

आता २० सेकंदांचे दहा प्रश्न धरा. एक जण विचार करून, प्रत्येक वेळी १८ व्या सेकंदाला उत्तर देतो आणि सात प्रश्न बरोबर सोडवतो. त्याला प्रत्येकी ५५० प्रमाणे ३८५० गुण मिळतात. दुसरा दोन सेकंदांत बटण दाबतो आणि त्याचे पाचच बरोबर येतात. त्याला प्रत्येकी ९५० प्रमाणे ४७५० मिळतात. पाचवाला पहिला आणि सातवाला मागे!

संशोधन पद्धतीच्या पुस्तकात ‘गोंधळ घालणारा चल’ म्हणून जे वाचता, ते हेच. दोन वेगळ्या गोष्टी एकाच आकड्यात मिसळल्या की आकडा नेमका कशाचा, हे सांगता येत नाही. त्यात मोबाइलचं नेटवर्क आलं. अक्कलकोटच्या पुढच्या एखाद्या गावातून जोडलेल्या मुलीला प्रश्न तीन सेकंद उशिरा दिसला, तर तिचे कमी झालेले गुण टॉवरचे आहेत, तिचे नाहीत. भाषेचंही तसंच. आपल्या शहरात मराठी, कन्नड, तेलुगू, उर्दू अशा घरांतून मुलं येतात. ‘खालीलपैकी कोणते विधान असत्य नाही’ छापाचा दुहेरी नकार इंग्रजीत लिहून २० सेकंद दिले, तर ती परीक्षा विज्ञानाची उरत नाही.

उत्तर कुणाचं?

व्हॉट्सॲपच्या साध्या पोलमध्ये कुणी काय निवडलं ते नावासकट सगळ्यांना दिसतं. स्लॅकवर इमोजी टाकून उत्तर द्यायची पद्धत आहे, तिथेही तेच. आता ग्रुपमध्ये गाइड सर आहेत, त्यांनी पर्याय ‘ब’ वर बोट ठेवलं, आणि तुम्ही ज्युनिअर आहात. तुम्हाला ‘क’ बरोबर वाटतंय. काय कराल?

१९५० च्या दशकात सॉलोमन ॲश या मानसशास्त्रज्ञाने अशीच परिस्थिती प्रयोगशाळेत उभी केली होती. समोर रेषा, त्यातली कोणती रेषा दिलेल्या रेषेइतकी लांब एवढंच सांगायचं. उत्तर डोळ्यांना स्पष्ट दिसत होतं. पण खोलीतले बाकीचे सगळे ॲशचेच लोक होते, आणि ते ठरवून एकसुरात चुकीचं उत्तर देत. अशा फेऱ्यांमध्ये खऱ्या सहभागींची सुमारे एक तृतीयांश उत्तरं बहुमताच्या चुकीबरोबर गेली. सोबतीला एक जरी खरं बोलणारा असला, तरी हे प्रमाण एकदम खाली आलं.

समोर अनोळखी माणसं आणि नुसत्या रेषा असताना हे होतं. इथे तर समोर तुमच्या प्रगती अहवालावर सही करणारी माणसं आहेत. चाळीस जणांच्या ग्रुपमध्ये चाळीस उत्तरं आली म्हणजे चाळीस स्वतंत्र निरीक्षणं झाली असं नाही. कदाचित पहिली चार स्वतंत्र असतील आणि उरलेली त्यांची सावली असेल.

टेलिग्रामचा क्विझ प्रकार या बाबतीत बराच उजवा. मत दिल्याशिवाय निकाल दिसत नाही, दिलेलं मत बदलता येत नाही आणि नावं झाकून ठेवता येतात. शिवाय २०० अक्षरांपर्यंत स्पष्टीकरण जोडायची सोय आहे. गंमत म्हणजे बहुतेक क्विझमध्ये नेमकी हीच जागा रिकामी असते.

अंदाजपंचे दाहोदरसे

चार पर्यायांचे दहा प्रश्न असतील आणि एखाद्याने डोळे मिटून बोट ठेवलं, तर सरासरी अडीच उत्तरं बरोबर येतात. हे सगळ्यांना माहीत असतं. पण पुढचा हिशेब कोणी करत नाही. डोळे मिटून पाच किंवा जास्त बरोबर येण्याची शक्यता द्विपद वितरणाने काढली तर साधारण ७.८ टक्के येते. म्हणजे ज्यांना काहीच माहीत नाही अशा चाळीस जणांना बसवलं, तरी त्यातले साधारण तीन जण ५० टक्के किंवा जास्त गुण मिळवतील आणि प्रमाणपत्र घेऊन येतील. हा हिशेब एकदा स्वतः कागदावर करून बघा. पेटच्या पेपरात निम्मे प्रश्न संशोधन पद्धतीवर असतात, तिथे कामी येईल.

प्रश्न मुळात कसला आहे?

आतापर्यंतचे दोष साधनाचे होते. खरा दोष प्रश्नात असतो. विज्ञान दिनाच्या क्विझमध्ये हमखास येणारा प्रश्न घ्या: रामन परिणामाचा शोध कोणत्या तारखेला जाहीर झाला? अहो, त्याच तारखेला तर क्विझ आहे! २८ फेब्रुवारी १९२८. सगळे बरोबर सोडवतात.

चाचणीशास्त्रात प्रश्नाचे दोन साधे निर्देशांक काढतात. किती टक्के लोकांनी तो बरोबर सोडवला, हा काठिण्य निर्देशांक. एकूण गुणांत वरच्या २७ टक्क्यांतले आणि खालच्या २७ टक्क्यांतले, यांच्या यशात किती फरक पडला, हा भेदक निर्देशांक. सगळ्यांनी सोडवलेल्या प्रश्नाचा भेदक निर्देशांक शून्य. त्यातून कुणाबद्दल काहीच कळलं नाही. दुसऱ्या टोकाला, डॉ. कोटणीस चीनला कोणत्या वर्षी गेले (१९३८) असले प्रश्न. सोलापूरकराला अभिमान वाटावा असं नाव आहे हे, पण साल विचारून आपण मोजतो काय? दुसऱ्या टॅबमध्ये गूगल उघडं आहे की नाही, एवढंच.

मग चांगला प्रश्न कसा असतो? आपल्या रोजच्या पेपरातला घेऊ. उन्हाळ्यात बातमी येते, ‘उजनी उणे २० टक्के’. धरण उणे कसं होईल? क्विझमध्ये असं विचारा:

उजनीची एकूण क्षमता सुमारे ११७ टीएमसी, त्यातला मृतसाठा सुमारे ६३ टीएमसी. धरण ‘उणे २० टक्के’ आहे असं जाहीर झालं, तर धरणात पाणी किती? (अ) अजिबात नाही (ब) सुमारे ११ टीएमसी (क) सुमारे ५२ टीएमसी (ड) सुमारे ९४ टीएमसी.

टक्केवारी मोजली जाते ती उपयुक्त साठ्यावर, म्हणजे ११७ वजा ६३, ५४ टीएमसीवर. तो संपला की शून्य टक्के, पण तेव्हाही मृतसाठ्यातले ६३ टीएमसी शिल्लक असतात. उणे २० म्हणजे ५४ चे २० टक्के, जवळपास ११ टीएमसी, मृतसाठ्यातून उपसले. उरले ५२. उत्तर ‘क’.

आता चुकीचे पर्याय बघा. ‘अ’ निवडणाऱ्याला शून्य म्हणजे रिकामं वाटतं. ‘ब’ निवडणाऱ्याने हिशेब जवळजवळ बरोबर केला, पण वापरलेलं आणि उरलेलं यांची गल्लत केली. ‘ड’ निवडणाऱ्याने टक्केवारी एकूण क्षमतेवर काढली, म्हणजे छेद चुकला. प्रत्येक चूक वेगळी गोष्ट सांगते. लागणारे आकडे प्रश्नातच दिलेत, त्यामुळे पाठांतराचा फायदा नाही. आणि छेद कोणता, हा प्रश्न तुम्हाला पुढची पाच वर्षं प्रत्येक आलेखासमोर विचारायचाच आहे.

करोडपतीकडून काय उचललं, काय राहिलं

आपल्या डोक्यातली क्विझ बहुधा ‘कौन बनेगा करोडपती’मधून आलेली असते. तो कार्यक्रम २००० साली सुरू झाला. २०१९ मध्ये सोनी मराठीवर ‘कोण होणार करोडपती’ आलं, तेव्हा सूत्रसंचालक होते आपल्या करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे. हा कार्यक्रम लोक का बघतात? उत्तरासाठी नव्हे, ते तर लगेच कळतं. स्पर्धक लॉक करण्याआधी मोठ्याने विचार करतो ते बघण्यासाठी. हा पर्याय का नाही, तो का असू शकतो, खात्री किती, लाइफलाइन आता वापरू की पुढे ठेवू. खुर्चीतल्या माणसाचं डोकं चालताना आपल्याला दिसतं.

ग्रुपवरच्या क्विझने त्यातलं फक्त ‘लॉक’ उचललं. विचार गाळला. माझा मुख्य आक्षेप हाच आहे.

क्विझची बाजू

दुसरी बाजूही मांडायला हवी. रोडिगर आणि कार्पिक यांचा २००६ चा प्रयोग क्विझच्या समर्थनार्थ नेहमी सांगितला जातो. विद्यार्थ्यांना एक उतारा दिला. काहींनी तो पुन्हा वाचला, काहींनी न बघता आठवून लिहिला. पाच मिनिटांनी पुन्हा वाचणारे थोडे पुढे होते. आठवड्याने मात्र चित्र उलटलं: आठवून लिहिणाऱ्यांच्या लक्षात ५६ टक्के राहिलं, पुन्हा वाचणाऱ्यांच्या ४२ टक्के.

हा निष्कर्ष भक्कम आहे आणि सरावाला क्विझ उपयोगी पडते, हे मला पूर्ण मान्य. पण बारकाईने वाचा. त्या प्रयोगात पर्याय नव्हते. विद्यार्थी कोऱ्या कागदावर आठवून लिहीत होते. शिवाय बहुपर्यायी प्रश्नांवरच्या नंतरच्या अभ्यासांत दिसलं, की चुकीचे पर्यायही लक्षात राहू शकतात, आणि लगेच खुलासा दिला तर हे नुकसान कमी होतं. म्हणजे पुन्हा त्या २०० अक्षरांच्या रिकाम्या जागेवर येऊन थांबलो.

एकत्र हसणं, कधी न बोलणाऱ्या दोन लॅबमधल्या माणसांची ओळख होणं, हाही फायदा आहेच. फक्त तेवढाच हेतू असेल तर क्रमांक आणि प्रमाणपत्रं काढून टाका. त्यांच्याशिवाय गंमत कमी होत नाही.

तुमच्यावर पाळी आली तर

दहाऐवजी पाच प्रश्न घ्या. घड्याळ काढा, किंवा वेळ दोन मिनिटं करा. नावं झाका. प्रश्न मराठी आणि इंग्रजी दोन्हीत द्या. प्रत्येक चुकीचा पर्याय लिहिताना स्वतःला विचारा, हा कोण निवडेल आणि का? सुचलं नाही, तर तो पर्याय नुसती भर आहे. क्विझ आधी दोन मित्रांवर चालवून बघा. यालाच आपण पायलट अभ्यास म्हणतो. आणि प्रत्येक उत्तरानंतर दोन मिनिटं थांबून विचारा, ‘ड’ कुणाला बरोबर वाटला होता आणि का?

पहिल्या वेळी कुणी बोलणार नाही. ज्या माणसाने चुकीचा पर्याय निवडला, त्याला सरांसमोर तसं सांगणं जड जातं. याच ग्रुपमध्ये उद्या कुणाचा तरी आलेख चुकलेला असणार आहे, कुणाच्या तरी नोंदवहीत छेद चुकलेला असणार आहे. तेव्हा ‘मला हे असं का वाटलं’ म्हणायची सवय लागलेली असेल, तर चूक ग्रुपमध्येच सापडेल. नाही तर ती थेट परीक्षकाला सापडेल. म्हणून पहिल्या क्विझला थोडा वेळ जाऊ द्या, आणि एखाद्या सिनिअरला आधीच सांगून ठेवा, की सुरुवात तुम्ही करा.