फ्रेंच गुन्हेगारी मालिकापट
एखाद्या गुन्हेगाराभोवती वा टोळीभोवती गुंफलेले, भागशः प्रदर्शित होणारे मूकपट. व्हिक्तोराँ झासे याच्या निक कार्टरने (१९०८) या प्रकाराचा पाया घातला. उत्कर्ष लूई फयाद (१८७३–१९२५) याने साधला. मुंबईत ३ मे १९१३ रोजी फाळके यांचा राजा हरिश्चंद्र झळकला आणि सहाच दिवसांनी फ्रान्समध्ये फयादचा फाँतोमास : एकीकडे सत्त्वपरीक्षा देणारा राजा, तर दुसरीकडे कधीच हाती न लागणारा खुनी. फयादची कथानके पुष्कळदा विस्कळित असतात; पॅरिसच्या खऱ्याखुऱ्या रस्त्यांवर व छपरांवर घडणारे अद्भुत हेच त्याचे सामर्थ्य होय. ले व्हाँपीरमधील (१९१५–१६) म्यूझिदोराची काळ्या वेशातील ईर्मा व्हेप पोलिसांपेक्षा अधिक लक्षात राहते. या मालिकेवर पोलिसांनी काही काळ बंदीही घातली होती. पुढे झ्यूदेक्समध्ये (१९१७) त्याने न्यायासाठी लढणारा नायक आणला. मात्र आधीची दहशत तीत उतरली नाही.