शांता आपटे : गोड गळ्यातला नकार

जुनी गाणी हल्ली आपल्याला रील्समध्ये, तुकड्यातुकड्यांत भेटतात. शांता आपटे मला तशाच भेटल्या. मग ‘कुंकू’ (१९३७) पूर्ण पाहिला आणि कळलं, तुकड्यांत त्यांचं अर्धंच काम दिसतं.

मामाने फसवून म्हाताऱ्या वकिलाशी लग्न लावलेली नीरा त्याला नवरा मानत नाही. शांतारामांनी सिनेमात पार्श्वसंगीत ठेवलेलंच नाही. घरातलं घड्याळ तेवढं ऐकू येतं. त्या शांततेत नीरा गाते तेव्हा गाणं विरंगुळा राहत नाही, तिचं म्हणणं होतं. संवादांत शांताबाई कधीकधी जरा जास्तच ठासून बोलतात. गाताना मात्र डोळे, हात, मान सगळं मोकळं होतं. आधी गायिका असल्याचा फायदा इथे दिसतो.

१९३९ मध्ये कराराच्या वादातून त्या ‘प्रभात’च्या फाटकाशी उपोषणाला बसल्या. १९४० मध्ये पुस्तक लिहिलं, ‘जाऊ मी सिनेमात?’

पडद्यावर नकार देणं हे नटीचं काम. पगार देणाऱ्या कंपनीच्या दारात तो देणं अवघड. नोकरी करणाऱ्या आपल्याला ते वेगळं सांगायला नको. त्यांना नुसतं ‘गोड गळ्याची नटी’ म्हणणं म्हणूनच मला अपुरं वाटतं.