चांदण्यात उमटणारी अक्षरे

दिवाळीच्या अंकात चंद्राविषयी लिहायचे म्हणजे यजमान घरी नसताना त्याच्या दाराशी जाऊन उभे राहण्यासारखे आहे. लक्ष्मीपूजनाची रात्र अमावास्येची. पणत्यांना शोभा आहे ती आकाशात चंद्र नाही म्हणूनच. तरीही आज एका चंद्रलिपीविषयी लिहावेसे वाटते. कारण ज्या पुस्तकात ती आहे, त्यातले कोडे सुटते ते जवळजवळ आपल्या दिवाळीच्याच दिवसांत.

पुस्तक इंग्रजी आहे. जे. आर. आर. टोल्किन यांचे ‘द हॉबिट’ हे १९३७ साली प्रसिद्ध झाले. टोल्किन ऑक्सफर्डला जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक होते. नव्या भाषा रचण्याचा नाद त्यांना लहानपणापासूनचा, आणि त्या भाषा बोलणारी माणसे हवीत म्हणून की काय, त्यांनी एक सबंध जगच उभे केले. या कथेतल्या बुटक्या लोकांचा डोंगर आणि त्यातले सोने एका अग्निमुखी सर्पाने बळकावलेले असते. ते परत मिळवायला थोरिन आपल्या सोबत्यांसह निघतो. त्याच्याजवळ आजोबांचा नकाशा असतो. वाटेत एल्रॉंड नावाचा ज्ञानी गृहस्थ तो नकाशा चांदण्यात धरतो आणि कोऱ्या जागी अक्षरे उमटतात! रुपेरी लेखणीने लिहिलेली ही अक्षरे केव्हाही दिसत नाहीत. ज्या ऋतूत आणि चंद्राच्या ज्या कलेला ती लिहिली, त्याच ऋतूत आणि त्याच कलेचा चंद्र मागून प्रकाशला तरच ती वाचता येतात. छापील पुस्तकातही कागद उजेडासमोर धरल्यावरच ती दिसावीत, अशी लेखकाची इच्छा होती. प्रकाशकांनी ती नकाशाच्या दर्शनी बाजूसच छापून टाकली. वाचकाला तिष्ठत ठेवण्याचा धीर प्रकाशकांत क्वचितच असतो.

ही कल्पना मोहक आहे यात शंका नाही. परंतु माझ्या मते लेखकाची खरी करामत तिच्या पुढच्या पायरीत आहे. अक्षरे सांगतात की गुप्त दाराचे कुलूप ‘ड्यूरिनच्या दिवशी’ मावळत्या सूर्याच्या शेवटच्या किरणाने दिसेल. हा दिवस म्हणजे बुटक्यांचा वर्षारंभ, शरद ऋतूतल्या शेवटच्या चांद्रमासाचा पहिला दिवस. आपल्या पंचांगाच्या भाषेत बोलायचे तर कार्तिक शुद्ध प्रतिपदा, दिवाळीचा पाडवा! टोल्किनना आपला पाडवा ठाऊक होता असे मी म्हणत नाही. चंद्रावरून दिवस मोजणाऱ्यांची मने सारख्याच वळणाने जातात, एवढेच.

आणि थोरिन काय म्हणतो? हा दिवस पुन्हा केव्हा येईल हे ओळखण्याची विद्या आम्हांपाशी आता उरलेली नाही! नकाशा आपला, अक्षरे आपली, सणही आपला. तीही वाचून दाखवली परक्याने, आणि तिथी तर कोणालाच काढता येत नाही. मुलांच्या म्हणून समजल्या जाणाऱ्या पुस्तकात हे एवढे दुःख आहे.

दुर्दैवाने लेखक या दुःखाशी फार वेळ थांबत नाही. नेमकी तीच कला असलेल्या रात्री नकाशा एल्रॉंडच्या हाती पडतो, आणि पुढे नेमक्या त्याच दिवशी मंडळी दारापाशी असतात. एकाच कोड्यासाठी दोनदा योगायोग, हे कादंबरीकाराला महाग पडायला हवे. मात्र एका गोष्टीने तो सावरतो. थोरिनची मंडळी कंटाळलेली असताना पाहुणा बिल्बो उंबऱ्याशी बसून आकाशाकडे पाहत असतो. त्याला पश्चिमेला बीजेसारखी बारीक कोर दिसते, कस्तुर पक्षी दगडावर गोगलगाय आपटताना ऐकू येतो, आणि तो हाका मारत सुटतो. योगायोग पावतो तो जागा असलेल्याला.

अशी लिपी केवळ कल्पनेतच असते असे नाही. आमच्या विदर्भात, रिद्धपूरच्या परिसरात, महानुभावांनी मराठीतले आद्य गद्य लिहिले आणि पुढे आपले ग्रंथ परक्या हाती पडू नयेत म्हणून सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत ते झाकले. शतकानुशतके मराठी वाचक या धनाला पारखा राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य राजवाडे यांनी सकळ लिपीचा उलगडा केला. तेही पंथाबाहेरचेच. नंतर नागपूरच्या डॉ. वि. भि. कोलते यांनी १९७८ साली ‘लीळाचरित्र’ संपादून सर्वांच्या हाती दिले. पण एक गोष्ट विसरू नये: मठांतून ती लिपी वाचणारे पिढ्यान्‌पिढ्या होते. बुटक्यांनी विद्या गमावली, महानुभावांनी ती सांभाळली. म्हणूनच कुलूप उघडले.

याउलट मोडी कोणीच लपवली नव्हती. नागपूरकर भोसल्यांचे हिशेब, घराघरांतली पत्रे, शेताचे कागद, सारे तिच्यात. विसाव्या शतकाच्या मध्यास ती शाळांतून गेली आणि काही न करता चंद्रलिपी होऊन बसली. आज आजोबांच्या ट्रंकेतला कागद आपण उजेडात धरतो, अक्षरे स्वच्छ दिसतात, आणि वाचता मात्र येत नाहीत. जादू लागत नाही. दोन पिढ्यांचे दुर्लक्ष पुरते.

वर्गात मी तिथी विचारतो तेव्हा मुले भिंतीवरच्या कॅलेंडराकडे पाहतात. तीत वावगे काही नाही. पण चंद्र भिंतीवर उगवत नाही. तेव्हा भाऊबीजेला ओवाळणी झाली की मुलांना घेऊन गच्चीवर जावे. ज्या बहिणींना भाऊ नाही त्या ज्या चंद्राला ओवाळतात, त्याची कोर पश्चिमेला घटकाभरच दिसते. ती त्यांना बोटाने दाखवावी आणि घरात मोडीचा एखादा कागद असेल तर तो वाचणाऱ्याचा शोध त्याच आठवड्यात सुरू करावा.